समोर कोणी नसताना

"आरोप मान्य आहे का?"

निवेदिताच्या हातात उलथनं होतं आणि तव्यावर धिरडं. स्वयंपाकघरातल्या टेबलापाशी तिचे सासरे ताठ बसले होते. अंगात घरातला तपकिरी गाऊनच होता, पण तो त्यांनी खांद्यांवरून असा ओढून घेतला होता, की न्यायाधीशाचा झगा वाटावा. डावा हात टेबलावर पालथा टेकलेला, हनुवटी किंचित वर. खिडकीतून रीडिंग गावाची मे महिन्यातली सकाळ आत येत होती आणि त्यांच्या पांढऱ्या दाढीत अडकून राहिली होती.

"कोणता आरोप, बा?"

"इथं बा कुणी नाही." आवाज चढला नव्हता, फक्त खाली कुठेतरी खोल गेला होता. "विहिरीचं पाणी चोरून आपल्या शेताकडे वळवल्याचा."

निवेदिताने धिरडं उलटलं. जरा विचार केला. "मान्य आहे, साहेब."

"का वळवलंस?"

"झाडं वाळत होती."

म्हाताऱ्याने डोळे मिटले. बाहेर शेजाऱ्याची गाडी सुरू झाली, निघून गेली. डोळे उघडून ते म्हणाले, "शेजाऱ्याचीही वाळत होती, बाई. आज राहू दे. उद्या परत वळवून दे. जा आता, मुलं वाट पाहत असतील."

हसू यायला हवं होतं, पण निवेदिताला खरोखरच सुटल्यासारखं वाटलं. कुणीतरी सगळं ऐकून घेतलं आणि माफ केलं, असं. ती काही बोलणार तोच जिन्यावरून यूसुफ खाली आला. त्याने दारातूनच शेवटचं वाक्य ऐकलं होतं.

"बा," तो त्यांच्यासमोर वाकून म्हणाला, "ही निवेदिता. तुझी सून. मी यूसुफ. आपण इंग्लंडमध्ये आहोत."

न्यायाधीश निघून गेला. जाताना खुर्ची सरकल्याचाही आवाज झाला नाही. मागे राहिला तो गाऊन घातलेला एक म्हातारा माणूस. आपण कुणाच्या घरात बसलो आहोत आणि समोरच्या ताटलीतलं हे पिवळं काय आहे, हे कसं विचारावं, अशा विचारात पडलेला.

या घरात दारिजा, म्हणजे मोरोक्कोतली रोजच्या बोलण्यातली अरबी, फ्रेंच, इंग्रजी आणि मराठी यांची खिचडी शिजत असे. निवेदिता नागपूरची. यूसुफशी लग्न होऊन अकरा वर्षं झाली होती आणि दारिजा तिला बऱ्यापैकी कळायला लागली होती. सासऱ्यांना 'बा' म्हणायला मात्र तिला शिकावं लागलं नाही. तिच्या आजोळी, उमरेडजवळच्या खेड्यात, बापाला बाच म्हणत. लग्नाआधी कासाब्लांकाच्या घरी पहिल्यांदा गेली तेव्हा यूसुफने दारातून "बा!" अशी हाक मारली आणि परक्या देशात तिला एकदम घरी आल्यासारखं झालं होतं.

तय्यब झनाती हे नाव मोरोक्कोत फारसं कुणाला सांगता आलं नसतं, पण चेहरा मात्र सगळ्यांच्या ओळखीचा. सफी या समुद्रकाठच्या गावात सार्डिन मासळी डब्यांत भरायच्या कारखान्यात ते तरुणपणी कामाला होते. आवाज विशीतच म्हातारा होता, म्हणून कासाब्लांकाच्या रेडिओने श्रुतिकांमधले म्हातारे बोलायला त्यांना बोलावलं. पुढे चेहरा हळूहळू आवाजाला गाठत गेला. पहिल्या सिनेमात त्यांनी नुसता चहा ओतला. मागे दोन माणसं खुनाचा बेत करत होती आणि हा चहावाला ग्लासाकडे न पाहता, हात उंच नेऊन, त्या दोघांचं ऐकू येत नसल्यासारखा ओतत होता. सिनेमा पडला, पण चहावाला लोकांच्या लक्षात राहिला.

मग ते राहिलेच. गावचा न्यायाधीश, बसचा कंडक्टर, विधुर कोळी, मशिदीत अजान देणारा आंधळा मुअज्जिन, लाच घेणारा आणि ती परत करणारा कारकून. नायक ते कधी झाले नाहीत. नायकाच्या शेजारी उभं राहून नायक खरा वाटायला लावायचा, हे त्यांचं काम. वारझाझातच्या वाळवंटात परदेशी कंपन्या यायच्या, तिथल्या वाळूला कधी पॅलेस्टाइन म्हणायच्या, कधी सोमालिया, आणि तय्यबला मरायला बोलवायच्या. एका सिनेमात तर ते तीन वेळा मेले होते, दर वेळी वेगळं पागोटं बांधून. उतारवयात रमजानमधल्या एका मालिकेतल्या आजोबांच्या भूमिकेने त्यांना घरोघरी नेलं. संध्याकाळी उपास सुटताना सूपाच्या वाडग्यांवर लोक त्यांना पाहत. रस्त्यात अनोळखी माणसं त्यांचा खांदा चुंबून "बा, दुवा द्या" म्हणत. ते देत.

त्याच मालिकेच्या सेटवर एके दिवशी आजोबा बोलायचे, तिथे न्यायाधीश बोलू लागला. लोकांना वाटलं, गंमत करतायत. मग दुसऱ्या दिवशी कोळी बोलला. डॉक्टरांनी आजाराला नाव दिलं, मालिकेतल्या आजोबांना हजला पाठवण्यात आलं आणि ते तिथून परतलेच नाहीत. यूसुफची आई त्याआधीच गेली होती. एप्रिलमध्ये यूसुफ जाऊन वडिलांना घेऊन आला. व्हिसा पाहुण्याचा होता. उन्हाळा संपला की ते रबातला धाकट्या मुलीकडे जाणार होते.

म्हणजे वेळ थोडा होता, आणि यूसुफला त्या वेळात काहीतरी हवं होतं. काय, ते तो सांगत नसे.

त्या संध्याकाळी मागच्या अंगणात कपडे काढताना त्यांचं वाजलं. नवरा-बायको भांडत इंग्रजीतच, पण निवेदिताला ती भांडणं नंतर आठवत ती मराठीत.

"तू त्याला प्रोत्साहन देतेस, निवी."

"मी फक्त उत्तर देते. त्यांनी विचारलं, मी बोलले."

"ते उत्तर नव्हे, डायलॉग आहेत. डॉक्टर काय म्हणाले? त्याला दिवस सांगा, जागा सांगा, नावं सांगा."

"आणि सांगितल्यावर काय होतं, ते बघितलंस ना सकाळी? चेहरा कसा झाला त्यांचा? न्यायाधीश असतात तेव्हा त्यांना निदान ठाऊक तरी असतं, आपण कोण आहोत ते."

यूसुफने दोरीवरचा चिमटा काढला, पुन्हा लावला. मग खालच्या आवाजात म्हणाला, "निम्म्या देशाचा बाप होता तो. आमच्या वाट्याला उरलेला यायचा, तोही झोपायला. मी इकडे शिकायला निघालो तेव्हा एकोणीस वर्षांचा होतो. विमानतळावर आई होती, बहीण होती, कोपऱ्यावरचा न्हावीसुद्धा आला होता. बा वाळवंटात कुठल्यातरी रोमन राजासाठी मरत होता. वारा सुटला, शूटिंग लांबलं. आणि दोन वर्षांनी त्याने सिनेमा केला. मुलाला निरोप देणाऱ्या बापाचा! पेपरांनी लिहिलं, असा बाप पडद्यावर झाला नाही."

"तू पाहिलास तो?"

"अर्धा." चादरीची दोन टोकं त्याने तिच्या हातात दिली. "मला बाप हवाय, निवी. सिनेमे त्याचे मी खूप पाहिलेत."

चादर घडी होत होत दोघांना एकमेकांजवळ घेऊन आली. तो ती घेऊन आत गेला.

घरात आठ वर्षांची सिया होती आणि तिला यातलं काहीच कठीण वाटत नव्हतं. शाळेतून आली की ती आधी विचारी, "आई, आज बा कोण आहे?" कंडक्टर असला तर जिन्याच्या पायरीवर बसून ती तिकीट मागे. मुअज्जिन असला तर त्याचा हात धरून बागेत नेई आणि गुलाब कुठे आहे ते सांगे, कारण मुअज्जिनला दिसत नसे. एकदा रुसून आली. "बा माझी ऐकतच नाही. मी सांगितली की माझं टर्न आहे."

"माझं ऐकतच नाही. मी सांगितलं," निवेदिताने सवयीने दुरुस्त केलं.

"तुझं पण ऐकत नाही?" सियाने विचारलं.

नागपूरहून आईचा फोन आला की तीही चौकशी करी. "काय गं, कसे आहेत तुझे सासरे? जेवतात ना नीट?"

"जेवतात. आज कोळी आहेत. मासे का नाही केलेस, म्हणून चिडलेत."

"मग कर ना बाई. तेवढंच." जरा थांबून आई म्हणाली, "रोज एक नवं माणूस येऊन जातं म्हण की तुझ्या घरी. पाव्हण्यांचं करायला शिकवलंच आहे मी तुले."

जूनमध्ये इमानचा फोन आला. इमान ही लंडनमध्ये जन्मलेली, मोरोक्कन आई-बापांची मुलगी. एका विद्यापीठात सिनेमा शिकवत होती. एक जुना मोरोक्कन चित्रपट धुऊन-पुसून नवा केला होता आणि रविवारी दुपारी लंडनच्या एका छोट्या थिएटरात तो दाखवणार होते. त्यात बापाची भूमिका करणारे तय्यब झनाती सध्या तासाभराच्या अंतरावर राहतात, हे तिला कुणाकडून तरी कळलं होतं. ते येतील का? सिनेमानंतर दोन शब्द बोलतील का?

"नाही," यूसुफ फोन ठेवल्यावर म्हणाला. सिनेमा तोच होता. अर्धा पाहिलेला.

"त्यांना विचारू या तरी."

"विचारणार कुणाला, निवी? न्यायाधीशाला? लोकांसमोर त्याचं हसं होईल."

पण बा तिथेच सोफ्यावर बसले होते. त्यांना किती समजलं, कोण जाणे. ते उठून वर गेले आणि थोड्या वेळाने खाली आले ते कोट घालून. टाय मात्र हातात होता, बांधायचा कसा ते सुचत नव्हतं. "गाडी कधी येणार आहे?" त्यांनी विचारलं. कलाकारांना न्यायला गाडी येते, ती.

यूसुफने त्यांच्याकडे पाहिलं, मग बायकोकडे पाहिलं. "रविवारी," तो म्हणाला. "रविवारी येईल, बा."

रविवारी सियाला जवळच राहणाऱ्या मैत्रिणीकडे, ऋजुताकडे ठेवून तिघं ट्रेनने निघाले. बा खिडकीशी बसले. बाहेरून हिरवी शेतं, कालवा, घरांच्या मागच्या बाजू मागे मागे जात होत्या, आणि त्यांच्या चेहऱ्यावरून उजेड आणि सावली अशी फिरत होती, की निवेदिताला कितीतरी माणसं एकामागून एक त्या खिडकीशी बसून गेल्यासारखी वाटली. लंडनच्या पॅडिंग्टन स्टेशनवर उतरेपर्यंत ते एक शब्दही बोलले नाहीत. कुणीच नव्हते ते तेव्हा. फक्त नीट भांग पाडलेले, छान दिसणारे गृहस्थ होते.

थिएटर लहान होतं, पण भरलं होतं. काही मोरोक्कन कुटुंबं आली होती. एका वयस्कर बाईने बांना पाहताच तोंडावर हात ठेवला, पुढे आली आणि त्यांच्या खांद्याचं चुंबन घेतलं. बांनी तिला दुवा दिली. तिथे ते एका अक्षरालाही चुकले नाहीत.

दिवे गेले. बा मध्ये बसले होते, एका बाजूला यूसुफ, दुसरीकडे निवेदिता.

सिनेमा साधाच होता. कोळ्यांच्या गावातला एक मुलगा देश सोडून फ्रान्सला जायचं ठरवतो. नायक तो. बाप जाळी विणतो, आणि तीन-चारदा काय तो पडद्यावर दिसतो. पण अंधार झाल्यापासून बांचे ओठ हलत होते. निवेदिताने कान देऊन ऐकलं. ते नुसतं स्वतःचंच नव्हे, सगळ्यांचं बोलत होते. मुलाचं, मुलाच्या प्रेयसीचं, बोटीच्या मालकाचं. पडद्यावरचं माणूस तोंड उघडायच्या जरासं आधी बा ते वाक्य हवेत ठेवून देत आणि मग त्या माणसाला ते सापडे. ज्यांना सकाळी काय खाल्लं ते आठवत नव्हतं, त्यांच्या आत हे अख्खं गाव जागच्या जागी होतं. समुद्रासकट.

त्यांचा स्वतःचा चेहरा आला तेव्हा मात्र ते थांबले. पंचवीस वर्षांनी तरुण, उन्हाने रापलेला. ते निवेदिताकडे झुकले. "हा कोण?"

"तुम्ही, बा."

त्यांनी पुन्हा पडद्याकडे निरखून पाहिलं. "छे गं. हा बरा करतोय."

शेवटी निरोपाचा प्रसंग आला. पहाटेची वेळ, गावाबाहेर बस उभी, खोडावर बसलेला बाप उठतो. मुलगा पाठमोरा दिसतो, मग कॅमेरा फक्त बापाच्या चेहऱ्यावर येतो आणि कितीतरी वेळ तिथेच राहतो. बाप काही बोलत नाही. बोलायला तोंड उघडतो, मिटतो. मुलाला पहिल्यांदाच पाहत असल्यासारखं, आणि आता पाठ करून ठेवायचं असल्यासारखं पाहतो. शेवटी म्हणतो, "तिकडं थंडी असते. कान झाकत जा." बस निघते. बाप खाली बसून जाळं पुढे ओढतो.

निवेदिताने पलीकडे पाहिलं नाही. यूसुफचं त्या अंधारात जे काही चाललं असेल, ते त्याचं होतं.

दिवे लागले, टाळ्या झाल्या. मंचावर तीन खुर्च्या मांडल्या होत्या. इमानच्या समोर बा बसले आणि त्यांच्या शेजारी यूसुफ. दुभाष्याचं काम त्याने आपणहून मागून घेतलं होतं. कुठे काही सांडलं तर सावरता यावं, म्हणून.

सांडायची वेळ लगेचच आली. कामाची सुरुवात कशी झाली, हे इमानने विचारलं तेव्हा बा विहिरीच्या पाण्याबद्दल बोलले. यूसुफने इंग्रजीत सांगितलं, "सफीला कारखान्यात होतो, मग रेडिओवर गेलो." आवडता दिग्दर्शक कोणता, यावर बांनी वारा कुठल्या दिशेचा आहे ते सांगितलं. यूसुफने काहीतरी सभ्य उत्तर दिलं. लोक मान हलवत होते. पहिल्या रांगेत निवेदिताने हातातली पर्स घट्ट धरली होती. तिला दोन्हीकडचं कळत होतं.

मग इमानने विचारलं, "तो निरोपाचा प्रसंग तुम्ही कसा केलात?"

यूसुफने प्रश्न दारिजात सांगितला. यूसुफ इमानकडे वळून काही बोलणार, एवढ्यात बा खुर्चीत सावरून बसले. आणि बोलले तेव्हा त्यांच्या आवाजात न्यायाधीश नव्हता, कोळी नव्हता. रोज कामावर जाऊन आलेल्या माणसाचा आवाज होता तो.

"समोर कोणी नव्हतं," ते म्हणाले.

यूसुफने इंग्रजीत सांगितलं, "समोर कोणी नव्हतं."

"तो मुलगा, नायकाचं काम करणारा, त्याचं तोंड दिसायचं नव्हतं, म्हणून जेवायला गेला. दिग्दर्शक म्हणाला, दिव्याच्या खांबाकडे पाहून बोल. कागदावर पानभर भाषण होतं. मातृभूमी, आईचं दूध, असलं. मी म्हटलं, कुठला बाप बसस्टँडवर असं बोलतो? तो चिडला. मी म्हटलं, बरं, बघतो."

यूसुफ एकेक वाक्य इंग्रजीत मांडत होता. शांतपणे. लोक हसले तिथे तोही जरा हसला.

"मी माझा कोट त्या खांबावर अडकवला. खांद्याएवढ्या उंचीवर. माझा मुलगा तेवढाच होता."

यूसुफचा आवाज अर्ध्यावर आला आणि थांबला. मग तो म्हणाला, "माझा मुलगा तेवढाच होता."

"दोन वर्षांपूर्वी तो इंग्लंडला गेला. मी नव्हतो घरी. म्हणजे हे बोलायचं राहूनच गेलं होतं. मग मी कोटाला सांगितलं."

सगळे यूसुफकडे पाहत होते. इंग्रजी त्याच्याकडून यायची होती. दुभाष्याला 'ते' म्हणता येत नाही, 'मी' म्हणावं लागतं. यूसुफने समोरच्या भिंतीकडे पाहिलं. "माझा मुलगा इंग्लंडला गेला होता," तो म्हणाला. "मी घरी नव्हतो. हे बोलायचं राहून गेलं होतं. म्हणून मी कोटाला सांगितलं."

कुणी टाळी वाजवली नाही. बा मात्र थांबले नव्हते. शेजाऱ्याकडे वळून, एखाद्या सहप्रवाशाला सांगावं तसं ते म्हणाले, "इथंच कुठेतरी असतो तो. त्याने हा सिनेमा पाहिला की नाही, कोण जाणे."

हे यूसुफने इंग्रजीत आणलं नाही. निवेदिताला वाटलं, आता तो म्हणेल, बा, मी यूसुफ. रोज म्हणतो तसं. दिवस सांगेल, जागा सांगेल.

"पाहिलाय त्याने," यूसुफ दारिजात म्हणाला.

"हो?" बांचे डोळे मोठे झाले. "तुझ्या ओळखीचा आहे?"

"आहे."

"काय म्हणाला?"

"आवडला म्हणाला."

बांनी मान डोलावली. समाधानाने, पण कारागिराच्या समाधानाने. "लांबलाय जरा तो प्रसंग," ते म्हणाले. "अलीकडे तोडायला हवा होता. सांग त्याला."

"सांगतो."

इमानने विचारलं, "काय म्हणतायत ते?" यूसुफ म्हणाला, "प्रसंग जरा लांबलाय म्हणतायत." आणि मग लोक हसले, उठून उभे राहिले, आणि टाळ्या खूप वेळ चालल्या. बा उठले. छातीवर हात ठेवून वाकले. वाकल्यावर त्यांनी शेजाऱ्यालाही हाताला धरून पुढे ओढलं, जसं मोठा नट सोबतच्या नव्या नटाला ओढतो, आणि यूसुफही त्यांच्याबरोबर वाकला.

परतीच्या ट्रेनमध्ये बांनी एकदाच विचारलं, "तू कुठं राहतोस?"

"रीडिंगला."

"मीही तिकडेच कुठेतरी उतरतो."

"मग बरोबरच जाऊ या," यूसुफ म्हणाला. नाव त्याने सांगितलं नाही. बांनी विचारलंही नाही. गाडी वेगात होती आणि बाहेर जूनचा तो न संपणारा उजेड शेतांवर सांडून राहिला होता. तिघांनाही जागं राहणं आणि झोपणं यांच्या मधल्या कुठल्यातरी गावातून चालल्यासारखं वाटत होतं.

रीडिंग स्टेशनवर ठेवलेली गाडी घेऊन ते निघाले. निवेदिता ऋजुताच्या दारात उतरली. बा पुढच्या सीटवर केव्हाच पेंगले होते.

"कसा झाला गं कार्यक्रम?" ऋजुताने चहा पुढे करत विचारलं.

"छान झाला."

"बोलले का ते? तुला तर जाम टेन्शन होतं."

"बोलले," निवेदिता म्हणाली. पुढचं सांगायला तोंड उघडलं, पण मग चहाच प्यायली. ऋजुता शहाणी होती, तिने सियाच्या अभ्यासाचं काढलं.

सियाचा हात धरून ती चालत घरी आली तेव्हा नऊ वाजून गेले असावेत, तरी आकाश निळं होतं. घराचे दिवे लागलेले नव्हते. गाडी दारासमोरच उभी होती, इंजिन बंद, आणि आत दोन डोकी दिसत होती.

"आई, बा झोपली आहे?" सियाने हळूच विचारलं.

"झोपलेत."

"आणि डॅडी पण?"

निवेदिता जरा पुढे झाली. बांचं डोकं एका बाजूला कललं होतं, तोंड अर्धवट उघडं होतं. यूसुफचा डावा हात त्यांच्या मानेखाली सापडला होता. हाताला मुंग्या आल्या असणार. तो समोरच्या काचेतून गॅरेजच्या बंद दाराकडे पाहत बसला होता आणि हात काढून घेत नव्हता.

"नाही, डॅडी जागा आहे," ती म्हणाली. "चल, आपण मागच्या दाराने जाऊ."

तिने सियाला खायला दिलं, झोपायला पाठवलं. दोन ताटं वाढून ठेवली, मग त्यांच्यावर ताटल्या पालथ्या घातल्या. खिडकीतून पाहिलं. बाहेर आता गाडीचा रंग ओळखू येत नव्हता. दाराबाहेरच्या दिव्याच्या बटणाकडे तिचा हात गेला आणि तिथेच थांबला. दिवा न लावता ती अंधारातच खुर्ची ओढून बसली.